जुलाल

दुपारी तीनला पारोळ्याच्या स्टँडवर
गिऱ्हाईक नसतं, नुसतं ऊन असतं.
तेव्हा झुलालबापू अहिरे दुकानाची पायरी चढले,
खिशातून काडेपेटी काढली,
काडेपेटीतून कापूस, कापसातून मेमरी कार्ड,
आणि म्हणाले,
'त्या बाईले काढी टाक रे भो.
मना गानामा ती कसाले?'

बाई मला माहीत होती.
दुसऱ्या कडव्यात, बापूंचा आवाज जिथे वर चढून थांबतो,
नेमकी तिथेच ती येते
आणि साइटचं नाव सांगते,
गोड, बिनघाईची,
कुणीतरी पाट मांडून बसवल्यासारखी.
कानबाईच्या रात्री गल्लीगल्लीत डीजेसमोर
पोरं तिच्यासकट ओरडतात.
तिचेही शब्द पाठ आहेत त्यांना.
बापू तेव्हा ओट्यावर असतात, तंबाखू मळत.

म्हटलं, बसा, स्वच्छ कॉपी शोधून देतो.
पहिली साइट उघडलीच नाही,
पांढऱ्या पानावर एक ओळ: आदेशानुसार बंद.
तीच साइट शेपटी बदलून खाली हजर.
हरळी आहे ही, वरून विळा लावा,
बांधापलीकडे डोकं काढते.
हिरवी बटणं चार, चारही खोटी.
एकात रमी, एकात बिनकागदी कर्ज,
एकात तुमच्या फोनला व्हायरस,
एकात कुणी पोरगी एकटीच, दोन किलोमीटरवर
(पारोळ्यात!).
खरं बटण राखाडी, मुंगीएवढं, कोपऱ्यात.
मी ते न बघता दाबतो.

सात ठिकाणांहून सात गाणी उतरवली.
सातही ठिकाणी बाई.
सातही ठिकाणी गायक: जुलाल.

झुलाल नव्हे, जुलाल.
इंग्रजीतलं एक अक्षर गळालेलं.

बापू सांगत होते,
कॅसेट कुणाच्या हळदीला गेली ती गेलीच,
धुळ्याची कंपनी बसली, तिथे आता टाइल्स मिळतात,
पैसे एकदाच मिळाले होते, त्यातून शिलाई मशीन घेतलं.
मी हूं हूं करत
माझ्याच बोटांकडे बघत होतो.

मागच्या फळीवर, चार्जरच्या खोक्याखाली,
जुनी हार्डडिस्क आहे.
सुरू होताना तिला धाप लागते.
दहा रुपयांत शंभर गाणी, तेव्हाची.
वायर नव्हती माझ्याकडे,
टेपसमोर माइक धरून भरायचो,
शटर अर्धं ओढून, श्वास रोखून.
नावं टाइप करायचो एका बोटाने,
घाईत.

सापडलं.
लावलं.
आवाज चढला, थांबला,
थांबूनच राहिला,
बाई आली नाही.
बापूंचा हात मांडीवरून वर आला
आणि तसाच हवेत,
जणू तोही कुणाची तरी वाट बघत होता.

मग खूप लांबून, सुराच्या पाठीमागे,
एक हॉर्न.

'हाऊ हॉर्न कोना शे?
स्टुडिओमा तं यस्टी नही व्हती.'

बाहेर एरंडोलची गाडी मागे घेत होते.
तोच सूर. ड्रायव्हर बदलले, गाड्या बदलल्या,
हॉर्न तेवढा राहिलाय.
मी म्हणालो, माहीत नाही, बापू.
त्यांनी एकदा गाडीकडे पाहिलं,
एकदा वर, गुंडाळलेल्या शटरकडे,
मग माझ्याकडे नाहीच पाहिलं.
'ऱ्हाऊ दे,' म्हणाले,
'त्या बाईपरीस बरा शे.'

कार्डात भरताना नावातलं ते अक्षर मी लिहिलं.
या एका कार्डात.
बाकी सगळीकडे,
सुरतेच्या लूममध्ये, नाशिकच्या रिक्षात,
आत्ता कुठेतरी
जुलाल गात असेल.

बापूंनी कापूस, कार्ड, काडेपेटी
उलट क्रमाने मिटवलं आणि विचारलं, 'किती?'
तोंडातून सवयीने गेलं:
दहा.
त्यांनी दोनाची पाच नाणी
एकेक करून काचेवर ठेवली.